एप्रिलमधल्या चवळीच्या शेंगा

हार्पर्स बेंड, जॉर्जिया
शनिवार, १४ एप्रिल १९८४

चि. डेल्फीन हिला आजीचे ओंजळभर आशीर्वाद. वि. वि.

सगळ्यात आधी टपकली ती बर्डी कॉगिन्स. गाडी अजून धड थांबली नव्हती, आतल्या माणसांनी दारं उघडली नव्हती, आणि ही बया कुंपणातून माझाच वाडगा हातात घेऊन हजर. म्हणे परत करायला आले. सात महिने तो वाडगा तिच्याकडे पडून होता, तेव्हा आठवला नाही. मी म्हटलं ये, आता आलीच आहेस तर बस, पण तोंड मिटून. ते काही तिला जमलं नाही.

गाडीतून उतरली एक गोरी बाई, तिशीची असेल, नाव मिस कॅरिंग्टन, आणि तिच्या मागून डॉयल नावाचा दाढीवाला माणूस, गळ्यात दोन कॅमेरे. तुझ्या कंपनीतून सिनसिनाटीहून आलोय म्हणाली. मला वाटलं, पोरीचं काही बरंवाईट झालं. माझा चेहरा बघून ती घाईघाईनं म्हणाली की नाही नाही, बातमी आनंदाची आहे. कंपनी दरवर्षी एक गुळगुळीत पानांचं पुस्तक काढते ना, त्यात यंदा तुझं पान आहे. डेल्फीन आता आमच्या कंपनीचा चेहरा होणार, असं म्हणाली. अगं, मला तर पडवीत नाचावंसं वाटलं. गुडघ्यांनी परवानगी दिली नाही म्हणून, नाहीतर नाचलेच असते. तुझे आजोबा असते तर शिट्टी वाजवली असती त्यांनी, ती दोन बोटं तोंडात घालून वाजवायचे ती.

तर मी आत गेले, निळा झगा घातला, वर रविवारची जांभळी टोपी, पिसवाली. बाहेर आले तर ती बाई म्हणाली, किती सुंदर टोपी, पण जरा काढता का? आणि ॲप्रन आहे का तुमच्याकडे? मी म्हटलं, ॲप्रन स्वयंपाकघरात असतो, पाहुण्यांसमोर नसतो. ती हसली. मग डॉयलनं गाडीतून एक टोपली काढली. डेल्फीन, त्यात चवळीच्या शेंगा होत्या! एप्रिलात! आपल्याकडे अजून बी मातीत आहे. अटलांटाच्या बाजारातून विकत आणल्या म्हणे. मला म्हणाले, मागच्या पायरीवर बसा आणि शेंगा सोला, नेहमी सोलता तशा. आता मला सांग, मला न बघता, माझ्या घरात पाऊल न टाकता ह्यांना कसं कळलं की मी नेहमी मागच्या पायरीवर शेंगा सोलते? मी बसले, कारण तुझं काम. पण टोपी नाही काढली. बर्डीच्या मते तो फोटो एखाद्या राणीला उपाशी ठेवल्यासारखा येणार आहे.

नाव विचारलं. मी सांगितलं, मिसेस टार्प्ली. म्हणाली, ते नाही, तुमचं स्वतःचं नाव. मी म्हटलं, तेच माझं स्वतःचं. माझी आई दारावर येणाऱ्या गोऱ्या माणसाला नुसती आद्याक्षरं सांगायची, तुला माहीत आहे. पहिलं नाव एकदा त्यांच्या हाताला लागलं की पांढऱ्या केसांच्या बाईलाही पोरीसारखी हाक मारतात. बर्डीनं मात्र स्वतःचं नाव न विचारता दोनदा सांगितलं, वर स्पेलिंगसुद्धा.

खायला तळलेली कोंबडी, मक्याचा पाव, आणि गोडाला पीचचा कॉब्लर. डॉयलनं कॉब्लर तीनदा घेतला. माणूस वाईट नसावा. बाईनं चिमणीसारखं टोचलं.

जाताना मी सहज विचारलं की ह्या नव्या जागेत माझ्या नातीच्या हाताखाली किती माणसं असतील? ती बाई हातातले कागद चाळायला लागली. इतकी चाळायला लागली की मला वाटलं, माणसं त्या कागदातच कुठेतरी पडली असावीत. तुला माहीत आहे का? कळव.

उद्या पाम संडे. जेवत जा. कळावे, लोभ आहेच, तो पातळ होऊ देऊ नकोस.

तुझी आजी

•

सिनसिनाटी, ओहायो
गुड फ्रायडे, २० एप्रिल १९८४

ती. आजीस डेल्फीनचा वाकून नमस्कार आणि घट्ट मिठी. वि. वि.

तुझं पत्र पार्किंगमध्ये गाडीत बसूनच वाचलं. हसून हसून डोळे पुसले आणि तसेच लाल डोळे घेऊन वर गेले, तर माझे वरिष्ठ बेन्स साहेब यांच्या सेक्रेटरीनं मला टिश्यू दिला आणि सहानुभूतीनं मान हलवली.

आता अधिकृत बातमी माझ्याकडून. स्ट्रिकलंड साहेबांनी, म्हणजे सगळ्यात वरच्या तिघांतल्या एकानं, मला बोलावून उपाध्यक्षपद देऊ केलं आहे. सामाजिक संबंध विभाग, नवाच काढतायत. बाविसावा मजला, खिडकीतून नदी दिसते. आजी, ह्या इमारतीत आपल्या काळ्या लोकांपैकी कुठलीही बाई बाराव्या मजल्याच्या वर काम करत नाही, झाडणाऱ्या सोडून. उत्तर दहा मेपर्यंत द्यायचं आहे.

हाताखाली किती माणसं, ते अजून ठरायचं आहे असं ते म्हणाले. आत्ता माझ्याकडे विम्याच्या दाव्यांचं काम आहे, एकशे वीस माणसं. बेन्स साहेब जूनमध्ये निवृत्त होतायत आणि दक्षिणेच्या सहा राज्यांच्या दाव्यांची त्यांची खुर्ची मला मिळेल असं मी चार वर्षं धरून चालले होते, हे तुला माहीत आहे. ती खुर्ची कुणाची, तेही विचारलं. म्हणाले, अजून काहीच ठरलेलं नाही, मोकळ्या मनानं विचार चालू आहे. सगळं तोंडी, हसतमुखानं.

तू संशय घेणार हे मला पत्र उघडायच्या आधी ठाऊक होतं. फ्रिजचं दार लावल्यावर आतला दिवा खरंच विझतो का, हे बघायला तू आजोबांना फळ्या काढून आत वाकायला लावलं होतंस. पण शेंगांचं मला जरा लागलं. इथे कुणालाही मी कधी सांगितलेलं नाही की माझी आजी काय करते.

ते लोक कदाचित आणखी फोटोंसाठी पुन्हा येतील. एक दिवस ॲप्रन घाल ना. माझ्यासाठी.

तुझ्या आशीर्वादाची सावली अशीच असू दे.

तुझी
डेल्फीन

ता. क. बातमी अजून कुणाला सांगू नकोस. बर्डीबाईंना तर मुळीच नाही.

•

हार्पर्स बेंड
गुरुवार, २६ एप्रिल १९८४

चि. डेल्फीन हिस आजीचे आशीर्वाद, मागच्या वेळेपेक्षा मूठभर जास्तच. वि. वि.

तुझं ता. क. चार दिवस उशिरा पोचलं. बर्डीनं रेव्हरंड मॉबलींना सांगितलं, आणि त्यांनी ईस्टरच्या दिवशी, अख्खं चर्च भरलेलं असताना, येशू उठल्याची बातमी दिली आणि पाठोपाठ तुझी. लोक उभे राहिले गं. मी दाराशी पांढरे हातमोजे घालून माणसं बसवायच्या कामावर होते, मला रडायलाही मोकळीक नव्हती. आता मदर्स डेला डेल्फीन टार्प्ली दिन करायचा ठरलाय. कार्यक्रमपत्रिका छापायला गेली. बायकांच्या मंडळानं केक सांगितलाय, त्यावर साखरेनं उपाध्यक्ष असं लिहिणार. बर्डीला मी खूप बोलले. ती म्हणते, सांगायची बातमी सांगायची नाही तर तिचं लोणचं घालायचं का?

पण हे पत्र त्यासाठी नाही. परवा टेबलावरचं कापड झटकायला उचललं तर खाली एक कागद. डॉयलचा, कॉब्लरचा डाग पडलेला. मला वाचायला वेळ लागतो, तिसरीपर्यंतच शाळा माझी, आणि तीही कापूस वेचणीला बंद असायची. म्हणून बर्डीला चष्मा लावून वाचायला बसवलं. कोणाकोणाचे कसे फोटो काढायचे त्याची ती यादी होती. तुझ्या नावापुढे लिहिलंय, आजी, पडवी, शेंगा, नंतर एखाद्या शाळेतली मुलं. त्याच्या खालचं नाव केंडल. त्याच्यापुढे लिहिलंय, टेबल, सहा राज्यांचा नकाशा, मागे कर्मचारी उभे, दक्षिण विभागाचे नवे प्रमुख, दोन पानं.

केंडल म्हणजे तोच ना, ज्याला दाव्याचा कागद कुठून वाचायला सुरुवात करायची हे तू शिकवलंस? नाताळात तू इथे आली होतीस तेव्हा जेवताना दोनदा त्याचा फोन आला होता, तुला विचारायला. कागद सोबत पाठवते आहे. डाग तसाच ठेवलाय.

आता एक गोष्ट सांगते, ती तुझ्या आईलाही ठाऊक नाही. कॉलेजच्या भटारखान्यात मी अकरा वर्षं होते. कोठाराच्या किल्ल्या माझ्या कमरेला. पीठ किती आणायचं, कुठून आणायचं, मी सांगायची. नऊ बायका माझ्या हाताखाली. मग कॉलेजात आपली पोरं यायला लागली, वर्तमानपत्रवाले यायला लागले, तेव्हा डीनच्या बायकोनं मला बोलावलं आणि म्हणाली, ओझेला, तू आता आमची स्वागतिका. निळा झगा दिला, पितळी बिल्ला दिला, जेवणघराच्या दारात उभं केलं. पेपरात फोटो आला माझा. तुझ्या आजोबांनी तो पाकिटात ठेवला होता, घड्या पडून फाटेपर्यंत. किल्ल्या गेल्या एका माणसाकडे, ज्याला यीस्ट कोमट पाण्यात घालतात की उकळत्या हे माहीत नव्हतं. पहिला सगळा आठवडा पोरांनी विटा खाल्ल्या. दोन वर्षांनी पेपरवाले यायचे थांबले, आणि म्हणाले की आता स्वागताची तशी गरज उरलेली नाही. भटारखान्यात परत जायला जागा नव्हती. घरी मी सांगितलं, पाय दुखतात म्हणून काम सोडलं. माझे पाय तेव्हा ठणठणीत होते गं.

घे म्हणत नाही, नको म्हणत नाही. तू शिकलेली आहेस. पण केकचा विचार मनात आणू नकोस, केक माझ्यावर सोपव.

माया कमी करू नकोस, पत्राला उशीर करू नकोस.

तुझी आजी

•

सिनसिनाटी
शुक्रवार, ४ मे १९८४

ती. आजीस डेल्फीनचा नमस्कार. वि. वि.

कागद मिळाला. मी तो दार लावून वाचला, मग पुन्हा वाचला, आणि मग तुझी किल्ल्यांची गोष्ट तीनदा. मला ते पितळी बिल्ल्याचं आठवतंय, मी लहानपणी तो खेळायला घ्यायचे.

दर शुक्रवारी आम्ही सात जण एकत्र जेवतो, वेगवेगळ्या कंपन्यांतले, सगळे आपलेच. आपापल्या इमारतीत नाही जेवत. तिथे आपल्यापैकी तिघं एका टेबलावर बसले की कुणीतरी गोरा येऊन हसत विचारतो, काय कट शिजतोय? म्हणून नदीपलीकडच्या मासळीच्या खानावळीत जातो. आज मी तो कागद टेबलावर ठेवला. बँकेतल्या रूझवेल्ट गेन्सनं तो आपल्याकडे ओढून वाचला. त्याच्या दारावर सहा वर्षं सामाजिक संबंध असं लिहिलेलं आहे. म्हणाला, माझ्याकडे भिंतभर सन्मानपत्रं आहेत डेल्फीन, आणि सहा वर्षांत एकाही माणसानं मला असा प्रश्न विचारलेला नाही की ज्याच्या उत्तरावर बँकेचं काही अडतं. धंदा मंदावला की पहिलं कुठलं दार बंद होतं ते मला माहीत आहे, असंही म्हणाला. मग त्यानं माझ्या ताटातला मासा उचलला आणि म्हणाला, निदान हा तरी माझ्या अखत्यारीत असू दे.

जेवून परत आले ती थेट स्ट्रिकलंड साहेबांकडे. कागद नाही दाखवला. एवढंच म्हटलं की उपाध्यक्षपद नको, दक्षिण विभाग हवा, आणि तो मला मिळणार नसेल तर का, ते लिहून द्या. त्यांचं हसू जागच्या जागी राहिलं, पण डोळे बदलले. म्हणाले, डेल्फीन, आम्हाला वाटलं तू खूश होशील. लिहून द्यायचं मात्र काही बोलले नाहीत.

आता हे असं आहे, आजी. नाही म्हटल्यावर मी कृतघ्न ठरणार, आम्ही देत होतो, तीच घेत नाही असं सांगायला ते मोकळे. जूनपासून केंडल माझा साहेब होईल आणि दाव्याचा कागद कुठून वाचायचा हे मी त्याला रोज विचारल्यासारखं करायचं. किंवा माझी आहे तीही खुर्ची जाईल. मला भीती वाटते, आणि हे मी फक्त तुला लिहितेय.

आणि चर्चमध्ये तुझी मान खाली जाणार, माझ्यामुळे. त्यासाठी क्षमा कर. लोभ तर तू करशीलच, जरा प्रार्थनाही कर.

तुझी
डेल्फीन

•

हार्पर्स बेंड
शुक्रवार, १८ मे १९८४

चि. डेल्फीन हिस आजीचे मांडीवर बसवून आशीर्वाद. वि. वि.

आधी केकचं. मदर्स डेला रेव्हरंडांनी तुझं नाव घेतलं तशी मी हातमोजे काढले आणि उभी राहिले. दारावर उभं राहणाऱ्या बाईनं मध्येच बोलायचं नसतं, सगळ्या माना वळल्या. मी सांगितलं की माझ्या नातीला एक खोली देऊ केली होती, तिनं ती घेतलेली नाही, कारण तिला खोली नको, काम हवंय. मग पुढच्या बाकावरून चर्चचे म्हातारे कारभारी, डीकन क्लिओफस, यांनी काठी आपटली आणि म्हणाले, बरोबर केलं पोरीनं. त्यानंतर जे काही आमेन सुरू झालं, रेव्हरंडांना आपलं प्रवचन आवरतं घ्यावं लागलं. केक खाल्ला. साखरेची अक्षरं बर्डीनं आधीच खरवडून खाल्ली होती, म्हणे पुरावा नको. मान खाली गेली नाही गं माझी. उलट रविवारपासून ताठच राहिलीये, झोपताना त्रास होतो.

आता काल काय झालं ते. काल सकाळी सगळ्यात आधी आले रेव्हरंड मॉबली, चर्चच्या छपराचं बोलायला. मग बर्डी, कारण रेव्हरंडांची गाडी दिसली. आणि मग ती मोठी काळी गाडी. मिस कॅरिंग्टन उतरली, आणि तिच्यासोबत कोण असेल? तुझा स्ट्रिकलंड साहेब! उंच, गुलाबी, टाय सैल केलेला. हा माणूस वरच्या तिघांतला, आणि एका म्हातारीच्या पडवीत सिनसिनाटीहून येतो? तिथेच माझ्या मनात पाल चुकचुकली.

पहिलाच शब्द, ओझेला, तुम्हाला भेटून फार आनंद झाला. मी नाव सांगितलेलं नव्हतं, बर्डीला शपथ घालून विचारलं, तिनंही नाही. म्हणजे तुझ्या नोकरीच्या कागदांत, काही झालं तर कुणाला कळवायचं तिथे तू लिहिलेलं, ते काढून वाचून आला. मी म्हटलं, मिसेस टार्प्ली. तो म्हणाला, अर्थातच. बसा म्हटलं, पुढच्या खोलीत, चांगल्या खुर्चीवर. कॉफी दिली. ॲप्रन नव्हता, टोपी होती.

त्यानं तुझी इतकी स्तुती केली की मला भरून आलं, खोटं कशाला सांगू. म्हणाला की कंपनीत दाव्यांचं काम डेल्फीनइतकं कुणालाच कळत नाही. मी म्हटलं, रेव्हरंड, ऐकलंत ना? ते म्हणाले, ऐकलं. मग मी विचारलं की सगळ्यात जास्त तिला कळतं, तर सहा राज्यांच्या नकाशासमोर दुसऱ्या माणसाचा फोटो का काढताय? त्यानं मिस कॅरिंग्टनकडे पाहिलं. तिनं गालिच्याकडे. म्हणाला, मोठ्या कंपनीत गोष्टी इतक्या सरळ नसतात. मी विचारलं, नव्या जागेत हाताखाली किती माणसं? कॉफी ढवळत राहिला. शेवटी म्हणाला, एक टायपिस्ट. बर्डीनं विचारलं, पूर्ण दिवस? तो म्हणाला, अर्धा. बर्डी अशी हसली की तिला पाणी द्यावं लागलं.

मग त्यानं खिशातून कागद काढला. तो शेंगांचा फोटो छापायला माझी सही हवी, आणि तुझ्या पानाला तुझी. पुस्तक एक जूनला छापखान्यात जातंय, आणि तू सही करत नाहीस म्हणे. मी तुला समजवावं अशी त्याची इच्छा. आजीचं ती ऐकेल, असं म्हणाला, अगदी गोड आवाजात. त्या गोड आवाजाचा मला काडीचा भरवसा नाही. मी म्हटलं, मी हळू वाचते, ठेवून जा. तो म्हणाला, ठेवता येणार नाही. सहीसाठी मैलोन्मैल आणलेला कागद, आणि वाचायला चार दिवस ठेवता येत नाही! मी म्हटलं, तर मग असं करा. हा घेऊन जा आणि पुढच्या वेळी ह्याच्यासोबत दुसरा आणा, बेन्स साहेबांच्या खुर्चीवर कोण बसणार आणि का, हे लिहिलेला. दोन्ही एकाच दिवशी वाचू. बर्डी मोठ्यानं वाचेल, रेव्हरंड ऐकतील, मग सह्यांचं बघू.

तो गाडीत जाऊन तिच्याशी दहा मिनिटं बोलला. खिडक्या बंद. बर्डी ओठ वाचायला कुंपणापर्यंत गेली, पण त्यांचे ओठ फार बारीक. परत आला तेव्हा टाय आवळलेला होता. म्हणाला, मी काही वचन देत नाही मिसेस टार्प्ली, पण बोर्डाशी बोलून पुन्हा येतो, आणि येताना हात रिकामे नसतील.

रेव्हरंडांच्या मते जिंकलो. मला तसं वाटत नाही. हातात काय आणेल कोण जाणे. तुझ्या खुर्चीचा कागद आणेल, नाहीतर तुला काढून टाकल्याचा. रात्रीपासून तोच घोर लागलाय, मी फार तर बोलले नाही ना? बोलले असेन तर मला लिही, रागावून लिही. पण त्यांच्या कुठल्याही कागदावर तोवर सही करू नकोस, वाढदिवसाच्या कार्डावरसुद्धा नाही.

कळावे. तुझा जीव माझ्यात आणि माझा तुझ्यात, तो तसाच अडकलेला राहू दे.

तुझी आजी

ता. क. कधी येणार, ते तो निघता निघता नुसतं तोंडानं सांगत होता, पुढच्या गुरुवारी म्हणून. मी त्याला पायरीवरून परत आत आणलं, भिंतीवर अंत्यविधीवाल्या हॉब्सनं वाटलेलं कॅलेंडर आहे त्याच्यासमोर उभं केलं आणि पेन्सिल हातात दिली. गुरुवार, २४ मे, सकाळी अकरा. त्याच्याच अक्षरात आहे, खाली सही.